जाळ माझा, ऊब शेजाऱ्याची

माझ्या शेजाऱ्यानं मला फसवलं. मी त्याला फसवलेलं नाही. हे आधीच लिहून ठेवतो, कारण जुन्या जालन्यात आमच्या गल्लीत ही गोष्ट उलटी सांगितली जाते, आणि सांगताना लोक हसतात.

फसवणूक भिंतीत बसवायच्या शेकोटीवरून झाली. जालन्यात असली वस्तू कशाला, असं कोणी विचारेल. मलाही विचारलं होतं. उत्तर एका शब्दात आहे: वडील.

मी घनसावंगीकडच्या एका खेड्यातून अंगावरच्या घोंगडीनिशी आलो. धान्याच्या मोंढ्यात पोती वाहिली, मग काटा धरला, मग दलाली केली, आणि शेवटी स्वतःची आडत टाकली. मला कोणी बोट धरून वर आणलं नाही. जे आले ते बोट पिरगाळायलाच आले. त्यामुळं घर घेतलं तेव्हा पहिलं काम ठरलेलं होतं, वडिलांना गावाहून आणायचं आणि गादीवर बसवायचं. पोरगा शहरात शेट झाला आणि बाप खेड्यात एकटा भाकऱ्या थापतो, हे बोलणं मला ऐकायचं नव्हतं.

वडील आले. भादवा, अश्विन बरे गेले. दिवाळी झाली आणि म्हातारा घोंगडीत शिरला तो शिरलाच. आमचं घर दगडाचं, गल्ली अरुंद, ऊन फक्त दुपारी वरच्या खिडकीला तोंड दाखवून जायचं. वडील म्हणाले, "हे घर हाय का बारव?" गावात चावडीपुढं रोज सांजेला जाळ पेटायचा, दहा माणसं भोवती बसायची, कोणाचा बैल, कोणाची सून, असं चालायचं. इथं जाळ नाही म्हणजे माणूस नाही, असं त्यांचं गणित. "मी जातो गावाला," हे वाक्य ते सकाळी चहाबरोबर आणि सांजेला भाकरीबरोबर बोलू लागले.

मी घमेल्यात निखारे ठेवून पाहिले. बायकोचं डोकं धुरानं दुखलं आणि माझं तिच्या बोलण्यानं. शिवाय पुढच्या दोन खोल्यांत तुरीची पोती आणि रिकाम्या बारदानाची थप्पी. एक ठिणगी उडाली असती तर बापासकट आडत पेटली असती. उघडा जाळ नको, पण जाळ पाहिजे, अशी अडचण.

तेवढ्यात सरकी काढायच्या एका कारखान्याच्या साहेबाचा बंगला रिकामा झाला. निजामाचा अंमल जाऊन वर्ष-दीड वर्ष झालं होतं, साहेब आपल्या मुलखात निघून गेला आणि सामान लिलावात निघालं. खुर्च्या, आरसे, झुंबर, हरणांची शिंगं. त्यात भिंतीतून उपटून काढलेल्या तीन शेकोट्या. बोली पुकारणारा जुन्या कचेरीतला माणूस होता, तो त्यांना "आतिशदान" म्हणायचा आणि म्हणताना मान झुकवायचा, जणू आत साहेब बसलाय. खाली लाकूड जाळायचं, धूर वर धुराड्यातून जातो, समोर माणसं बसतात. मला वस्तू एका नजरेत समजली. ही भिंतीतली चावडी होती.

तीनांत निवड करायची होती. एक पांढऱ्या दगडाची, वेलबुट्टीची, पण मधून तडा गेलेली. एक पातळ पत्र्याची, तिच्यावर निळ्या फुलांच्या फरशा. तिसरी ओतीव लोखंडाची. मागं बोटभर जाड तवा, दोन्ही बाजूंना सिंहाची तोंडं, त्यातल्या एकाचं नाक तुटलेलं.

मी धान्याचा माणूस. रंग आणि फुलं बायकांनी बघावीत, मी वजन बघतो. वजन खोटं बोलत नाही. लोखंडाची शेकोटी उचलून बघायला गेलो तर जागची हलली नाही, तिथंच मन बसलं.

तिथं माझा शेजारी उभा होता, डोक्यावर छत्री धरून. तो कपड्याचा व्यापारी. त्याच्या पणज्यानं राजस्थानातून उंटावर की बैलगाडीवर येऊन इथं दुकान टाकलं म्हणतात. आम्ही त्याला नुसता शेट म्हणतो, तो मला भाऊ म्हणतो. आवाज असा की लोणीसुद्धा कडक वाटावं. तो जवळ येऊन म्हणाला, "भाऊ, हे घेऊ नका. लई जाड तवा हाय मागं. जल्दी तापणार न्हाई, आणि एकदा तापला का थंड होणार न्हाई. ती फुलावाली घ्या."

आता मला सांगा, मोंढ्यात पंधरा वर्षं काढलेला माणूस काय समजणार? समोरचा म्हणतो हा माल घेऊ नको, म्हणजे त्यालाच तो पाहिजे. मी तुटक्या नाकावरून लिलाववाल्याला इतकं बोललो की शेवटी तो म्हणाला, "घेऊन जा, पर सिंह को गाली मत दो." चार हमालांनी ती गल्लीतून आणली. वाटेत ज्यानं त्यानं विचारलं, कोणत्या देवाची मूर्ती?

पुढचा प्रश्न, बसवायची कुठं. मागची भिंत मोकळी होती, पलीकडं परस. तीच सोयीची. गवंडी आणला, तो सांगायचा की औरंगाबादच्या छावणीत गोऱ्यांची शेकोटी त्यानं बसवलीय. पुढं कळलं की त्यानं पावाची भट्टी लिंपली होती. त्यालाही मागचीच भिंत पसंत होती. सकाळी पहार लावायची, आणि आदल्या सांजेला शेट हात जोडून दारात.

"कुठंबी बसवा भाऊ, तुमचं घर हाय. पण आपली सामाईक भिंत तेवढी सोडा. बाबूजींची खाट त्या भिंतीला लागून हाय."

बाबूजी म्हणजे त्याचे वडील. ठार बहिरे, गुडघ्यांनी अधू, खाटेवरच असायचे.

माझ्या डोक्यात सामाईक भिंत तोपर्यंत आलीच नव्हती, पण आता आली. या भिंतीचं एक जुनं दुखणं होतं. मी घर घेण्याआधी कधीतरी शेटच्या घराण्यानं वरचा मजला चढवला आणि तुळया सरळ या भिंतीत खुपसल्या. विचारलं कोणाला? कोणालाच नाही. आणि आता हाच माणूस मला सांगतो, भिंतीला हात लावू नको. माझं डोकं तापलं. मी म्हणालो, अर्धी भिंत माझी आहे, मी तिच्यात शेकोटी बसवीन नाहीतर हत्ती बांधीन.

तो चिडला नाही. तो कधीच चिडत नाही, हे त्याचं पहिलं पाप. म्हणाला, "मंग असं करू, सौदा करू."

आमच्याकडं मोठा सौदा तोंडानं होत नाही, रुमालाखाली होतो. दोघांनी हातावर उपरणं टाकायचं, आणि आत एकमेकांची बोटं धरायची. जितकी बोटं धरली तितका आकडा. बाहेर बसलेल्यांना काही कळत नाही आणि एकदा बोट कबूल झालं की ब्रह्मदेव आला तरी फिरत नाही. या खेळात माझ्याशी बसायला मोंढ्यातले जुने दलालही कचरायचे.

शेटच्या दुकानात गादीवर बसलो. उपरणं माझं. भिंत चार विटांच्या जाडीची होती. त्यातल्या किती विटा मी कोरून आत शिरायचं, एवढाच सौदा. हक्कानं दोन माझ्या, पण हक्काएवढंच घ्यायचं असेल तर माणसानं सौदा कशाला करावा? त्यानं माझं एक बोट धरलं. मी त्याची चार धरली. त्यानं हात काढून घेतला, डोळे पुसले, पाणी मागवलं, मग दोन धरली. मी तीन धरली आणि सोडली नाहीत. तो म्हाताऱ्या बापाचं बोलला, पणज्याचं बोलला, तुळयांचं चुकलं म्हणाला. मी तीन बोटं अशी आवळून बसलो की त्याच्या अंगठीचा वळ माझ्या हातावर उठला. शेवटी त्याचा हात सैल पडला.

"मेलो भाऊ," तो म्हणाला. "घ्या तीन. माझ्या बाजूला एक वीट राहिली, तेवढी तरी राहू द्या."

दुकानातले लोक माझ्याकडं बघत राहिले. शेटला असा सोलणारा माणूस त्यांनी पाहिला नव्हता. आता मोंढ्यात रीत अशी की जिंकणाऱ्यानं हरणाऱ्याला जाता जाता मूठभर काहीतरी सोडायचं. मी विचारलं, बोला, काय पाहिजे? तो खाली मान घालून म्हणाला, धुराडं भिंतीबाहेरून नेऊ नका, भिंतीच्या आतूनच वर न्या, नाहीतर धूर गच्चीवर वाळत घातलेल्या कपड्यांवर बसतो. मी मोठ्या मनानं हो म्हटलं. वर त्याच्या पाठीवर थापसुद्धा मारली. ती थाप मला अजून हाताला झोंबते.

शेकोटी बसली. हमालांनी उचलली, गवंड्यानं शिव्या दिल्या, बायकोनं दोन्ही सिंहांना हळदकुंकू लावलं आणि तुटक्या नाकावर जरा जास्त लावलं. ती या वस्तूला पहिल्यापासून "भिंतीतली चूल" म्हणायची, आणि हिच्यावर भाकरी होत नाही तर हिचा उपयोग काय, असं आल्यागेल्याला विचारायची.

पहिला जाळ केला तो कापसाच्या पऱ्हाट्यांचा, वर बाभळीची लाकडं. काय तो जाळ! खोली उजळली, सिंहांची तोंडं लाल झाली, धूर शहाण्यासारखा वर गेला. गल्लीतली माणसं दारात दाटली. वडील समोर बसले. मी त्यांच्या मागं उभा राहिलो, राजाच्या मागं प्रधान उभा राहतो तसा.

थोड्या वेळानं लक्षात आलं की नडग्या भाजतायत आणि पाठ गार आहे. हातभर मागं सरकलं की नुसता उजेड. गवंडी म्हणाला, नवीन आहे, तापू द्या. मी लाकडं वाढवली. तो म्हणाला, अजून तापू द्या. मी अजून वाढवली. मला वाटायचं, एवढं खातेय तर एक दिवस ऊब देईलच. बैल असो की माणूस, मी सगळ्यांना याच हिशेबानं पोसलंय.

पण मुख्य काम झालं होतं. वडिलांनी गावाचं नाव काढणं बंद केलं. दोन-तीन दिवस ते शेकोटीपुढं बसले, मग जाळ पेटला की उठून "पाय मोकळे करून येतो" म्हणायचे आणि जेवणवेळेला परत यायचे. गाल लाल, हात गरम, अंगाला हिंगाचा वास. मला वाटलं, म्हातारा देवळात जाऊन बसतो, शहरात रमला. मोंढ्यात मी चार लोकांना सांगितलं की वडील माझ्याकडं राहिले ते शेकोटीच्या जोरावर. ते खरं होतं. म्हणूनच जास्त राग येतो.

त्या पौषात आभाळ भरून आलं ते हलेना. ऊन नाही, वारा ओला. माझ्या पोत्यांतली तूर मऊ पडली. आणि त्याच आठवड्यात शेटच्या घरून नेहमीप्रमाणे मुगाच्या पापडांची ताटली आली. मी एक पापड मोडला. कडकन आवाज झाला.

मी डाळीतला माणूस आहे. ढगाळ हवेत मुगाचा पापड वाळत नाही, चामड्यासारखा लोंबतो. हा पापड वाळलाच कसा? जेवण तसंच ठेवून मी उठलो. ताटली रिकामी परत करायची नसते म्हणून तिच्यात गुळाचा खडा टाकला, आणि शेटच्या घरात हाक न मारता सरळ आत गेलो.

बाबूजींच्या खोलीत पाऊल टाकलं आणि अंगावर चैत्र आला. भिंतीशी एक बाज, तिच्यावर पापडच पापड. खाटेवर बाबूजी, पांघरूण पायाशी लाथाडलेलं. खाली मांजर, चारी पाय पसरून. आणि भिंतीला पाठ चिकटवून, घोंगडीची घडी बुडाखाली घेऊन, हरभरे खात बसलेले माझे वडील.

मी भिंतीला हात लावला. भाकऱ्या संपल्यावर तवा असतो तशी गरम. जागा मला न सांगता कळली. पलीकडं माझे सिंह होते, मधे तो जाड तवा आणि एकच वीट.

"दार लाव," वडील म्हणाले. "वारं येऊन राह्यलं."

मी विचारलं, तुम्ही इथं कधीपासून बसता?

"पैल्यापासनं. तू जाळ केला का मी हिकडं येतो. तुझ्या तिकडं नुसता उजेड हाय लेका."

तेवढ्यात शेट आला. मी त्याला जे बोललो ते इथं लिहिण्यासारखं नाही. त्यानं माझ्या हातातली ताटली घेतली, गुळाचा खडा बाबूजींच्या हातावर ठेवला आणि शांतपणे म्हणाला, "भाऊ, मी तर पैल्यापासून नको नको म्हणत होतो. तुम्हीच बोटं सोडली न्हाईत."

मी घरी येऊन शेकोटीत घागर ओतली. वाफेनं खोली भरली. बायको वाफेतून म्हणाली, "सगळ्या गल्लीला ठाऊक होतं. तुम्हांला सांगायचं कोणी? तुम्ही भांडणार." मी तिच्याशीही भांडलो.

जाळ बंद केला. शेटची भिंत गार पडली, मला बरं वाटलं. वडील सांजेला घरीच बसू लागले, घोंगडीत. मग एका सांजेला त्यांनी गाठोडं बांधलं. "उद्याच्या मोटारीनं जातो गावाला."

मी म्हटलं, इथंच जरा जवळ सरकून बसा, मी लाकडं दुप्पट घालतो, वर मागं जाड पडदा लावतो, नवी गादी करतो, दोन घोंगड्या आणतो. म्हाताऱ्यानं सगळं ऐकून घेतलं.

"लेका, माझ्याशी सौदा नको करू. मला थंडी वाजून राह्यली."

मी पऱ्हाट्या आणल्या आणि जाळ केला. गाठोडं सुटलं. वडील उठले आणि पाय मोकळे करायला गेले.

असे किती हिवाळे गेले. रोज सांजेला मी माझ्या घरात, माझ्या शेकोटीपुढं, नडग्या भाजत आणि पाठ गारठवत बसायचो, म्हणजे माझा बाप शेजाऱ्याच्या घरी उबेत राहावा. गवंड्याला विचारलं, यावर उपाय काय? तो म्हणाला, शेकोटी फिरवून तोंड त्यांच्या बाजूला करू, मग मागची ऊब तुम्हांला मिळेल. त्याला मी गल्लीच्या टोकापर्यंत पिटाळला.

एकाच विटेतून सगळं ऐकू यायचं. वडील बाबूजींना गावातल्या गोष्टी सांगायचे. दुष्काळात बैल कसा वाचवला, पाटलाची घोडी कोणी पळवली, माझ्या आईला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ती कोणाला शिव्या देत होती. यांतली एकही गोष्ट त्यांनी मला सांगितलेली नव्हती. आणि सांगत होते कोणाला? ज्याला ऐकू येत नाही, आणि आलं असतं तरी ज्याला कापडाच्या भावाशिवाय काही समजत नाही, अशा माणसाला. तो मधूनच मोठ्यानं हसायचा. वडीलही हसायचे. मी लाकूड सरकवायचो.

मागच्याच्या मागच्या उन्हाळ्यात वडील गेले. माझ्याच घरात गेले, गावात नाही, हे मी मिळवलं. त्यानंतरचा हिवाळा आला तेव्हा मी शेकोटी पेटवली नाही. कोणासाठी पेटवू?

थंडी पडून थोडे दिवस झाले होते. शेट माझ्या आडतीत आला. इतक्या वर्षांत मी त्याला नको म्हणतानाच पाहिलं होतं, काही मागताना कधी नाही. तो उभाच राहिला.

"भाऊ, अंगेठी बंद केली का? बाबूजी भिंतीला हात लावून राह्यलेत. लावतात, आणि माझ्याकडं बघतात."

याच दिवसाची मी वाट पाहत होतो. आता गरज त्याची होती आणि माल माझा. मी उपरणं काढलं आणि हातावर टाकलं. त्यानंही हात आत घातला. मी त्याच्या आकड्याची वाट पाहिली. त्यानं एकही बोट धरलं नाही. हात नुसता माझ्या हातावर ठेवला, आणि तो गार होता. उपरण्याखाली असा माणूस मला कधी भेटला नव्हता. आकडाच नाही, तर तोडायचं काय?

त्या सांजेला मी जाळ केला. आजही करतो. बाबूजी अजून आहेत, खाटेवर, बहिरे आणि ठणठणीत. लाकडाचं मी काही मागत नाही, कारण मागितलं तर तो देईल आणि मला बोलायला जागा राहणार नाही.

पण एका गोष्टीचं उत्तर मला पाहिजे. वडील गेल्यापासून त्या भिंतीपाशी एक जागा रिकामी आहे. शेटच्या घरून पापडांची ताटली येते. मी गूळ घालून परत नेतो. तो दारातच ताटली घेतो, राम राम करतो आणि दार लावतो, वारं येतं म्हणून. मागची ऊब माझ्या तोंडावर येऊन जाते. "भाऊ, आत या, जरा टेकून बसा," एवढं म्हणायला त्याला कोणती मोठी अडचण आहे? म्हणतो ना, भिंत सामाईक आहे? मग तिच्या कोणत्या अंगाला मी पाठ टेकायची, ते त्यानंच सांगावं. त्याला मराठी चांगलं वाचता येतं आणि तो एका विटेपलीकडं राहतो. उत्तर द्यावं.